अँजिओप्लास्टीनंतर वडिलांना आयसीयूतून स्टेप-डाउनला, म्हणजे आयसीयू आणि साध्या वॉर्डच्या मधल्या वॉर्डात, हलवलंय. तिथे सिस्टर सारखी जवळ नसते. खासगी आया ठेवावी का? की धोका टळलाय आणि मॉनिटर उगाच बिलासाठी लावलाय?

‘धोका टळलाय’ हे वाचलं आणि राहवलं नाही. मी नाशिकमध्ये हार्टच्या स्टेप-डाउनलाच ड्युटी करते आणि हे वाक्य नातेवाइकांकडून रोज ऐकते. त्याहून वाईट म्हणजे मॅनेजमेंटकडूनही ऐकलंय.

धोका टळलेला नसतो, कमी झालेला असतो. अटॅकनंतरचे पहिले एक-दोन दिवस ठोके कधीही बिघडू शकतात. बायपासवाल्यांचं तर दुसऱ्या ते चौथ्या दिवसात बिघडतं, साधारण तीन-चार पेशंटमागे एकाचं. पेशंट उठून बसलेला असतो, घरच्यांशी गप्पा मारतो, आणि नेमका तेव्हाच ठोका दीडशेवर जातो. छातीवर लीड, म्हणजे मॉनिटरच्या वायरी, असतात त्या यासाठी.

आता एका पेशंटचं सांगते, म्हणजे सिस्टर कशाला लागते ते कळेल. निफाडकडचे द्राक्ष बागायतदार, साठी ओलांडलेले. मनगटातून जमलं नाही म्हणून जांघेतून अँजिओप्लास्टी केलेली. बागेत तोडणी चालू होती, त्यामुळे पाय सरळ ठेवून पडल्या पडल्या व्यापाऱ्याशी फोनवर द्राक्षांच्या भावाची घासाघीस चाललेली. संध्याकाळी म्हणाले, “सिस्टर, ह्या गादीनं पार कंबर धरली बघा.” मुलगा गादीची तक्रार करायला काउंटरवर गेला. मावशींनी दुसरी उशी आणून दिली. जांघेतलं ड्रेसिंग कोरडं, हाताला मऊ लागत होतं, सूज नाही, गाठ नाही. मॉनिटर शांत.

पण मी आधीच्या सिस्टरकडून ड्युटीची ओव्हर घेतली तेव्हा नाडी ७८ होती. मग ९२ झाली, मग १०८. अलार्मची मर्यादा १२० ला लावलेली, मग तो वाजणार कसा? बीपी १३० वरून १०४ ला आलेलं. सुटे सुटे बघितले तर यातला एकही आकडा घाबरवणारा नाही. कपाळाला हात लावला तर दमट, गार. आणि मघापासून द्राक्षांच्या भावाबद्दल तावातावानं बोलणारा माणूस फोन उचलेना.

ड्युटी डॉक्टरांना कळवलं. ते फोनवरच म्हणाले, “पडून पडून दुखतंय, पॅरासिटामॉल द्या.” मी गोळी दिली नाही. थेट मोठ्या सरांना फोन लावला आणि सगळे आकडे वाचून दाखवले. त्यांनी सलाईन वाढवायला सांगितलं, रक्ताची सोय करायला लावली आणि सीटीला पाठवलं. पोटामागच्या पोकळीत रक्त साचत होतं. जांघेतली सुई जरा वरच्या बाजूला लागली की रक्त बाहेर न येता मागे उतरतं, त्यात रक्त पातळ करायची औषधं चालूच असतात. बाहेरून काही दिसत नाही, फक्त कंबर दुखते. रक्ताच्या पिशव्या चढवाव्या लागल्या, पण घरी गेले ते स्वतःच्या पायांनी.

दुसऱ्या दिवशी मॅनेजमेंटनं मला बोलावून विचारलं, ड्युटी डॉक्टरांना डावलून सरांना फोन का केला? त्याच महिन्यात आमच्याकडची रात्रीची एक सिस्टर कमी केलेली, कारण काय तर ‘सेंट्रल मॉनिटर आहे ना’, म्हणजे सगळ्या बेडचे आकडे एकाच जागी दाखवणारा स्क्रीन. आयसीयूत एका सिस्टरकडे एक किंवा दोन पेशंट असतात. स्टेप-डाउनला तीन, फार तर चार असावेत. आम्ही रात्री आठ-आठ सांभाळत होतो. मी तेव्हाही सांगितलं होतं आणि आजही सांगते, ७८, ९२, १०८ हे आकडे एकमेकांशेजारी ठेवून बघायला माणूस लागतो, आणि त्या माणसाकडे बेडपाशी दोन मिनिटं उभं राहण्याइतका वेळ लागतो.

तेव्हा आया ठेवायची तर ठेवा. संडास-बाथरूमला, कूस बदलायला तिचा उपयोग होतो. पण ती सिस्टरच्या जागी नाही. तिच्या हातून गोळ्या देऊ नका, आणि अलार्म वाजला की बटण दाबून तो बंद करायला तर तिला अजिबात शिकवू नका. त्याआधी इन्चार्ज सिस्टरना सरळ विचारा, रात्री एका सिस्टरकडे किती पेशंट असतात? उत्तर द्यायला टाळाटाळ झाली तर तक्रार लेखी द्या. आम्ही कितीही ओरडलो तरी ती कुरकुर ठरते, बिल भरणाऱ्यानं लिहून दिलं की हालचाल होते.

एक सांगायचं राहिलं. कंबर दुखली म्हणजे रक्तस्रावच असं नाही, तासन्‌तास पाय सरळ ठेवून पडलं की बहुतेकांची दुखतेच. वडिलांची अँजिओप्लास्टी मनगटातून झाली असेल तर ही भीती जवळजवळ नाहीच, फक्त हात सुजतोय का, बोटं बधिर होतायत का ते बघा. ते ड्युटी डॉक्टरही वाईट नव्हते, त्यांच्याकडे त्या रात्री कॅज्युअल्टीही होती. आणि बिलाचं म्हणाल तर राउंडला रोज विचारा, ‘लीड अजून किती दिवस?’ हा विचारायचाच प्रश्न आहे, त्यात कोणी रागवायचं कारण नाही.

रात्री थांबायला मात्र घरातलं असं माणूस ठेवा ज्याला वडिलांचं नेहमीचं बोलणं, नेहमीची झोप माहीत आहे. काही वेगळं वाटलं तर ‘झोपू दे त्यांना’ म्हणून सकाळपर्यंत थांबू नका. तेव्हाच बेल दाबा, आणि ते जे बोलले ते त्यांच्याच शब्दांत सिस्टरना सांगा.