पहिल्या सोलो अल्बमसाठी कर्ज काढावं का?

इतकी वर्षं दुसऱ्यांच्या बँडमध्ये कीबोर्ड वाजवल्यावर आता तुम्हाला स्वतःचा पहिला अल्बम करायचा आहे: सहा रचना, ५२ मिनिटं, गायन नाही, निव्वळ वाद्यांचा प्रोग्रेसिव्ह रॉक, म्हणजे लांब, गुंतागुंतीच्या रचनांचा रॉक. त्यासाठी सहा महिन्यांच्या आपत्कालीन निधीतून चार महिन्यांचे पैसे काढायचे, उरलेल्यासाठी तीन वर्षांचं वैयक्तिक कर्ज घ्यायचं आणि हप्ते विक्रीतून फेडायचे, असा बेत तुम्ही खर्चाच्या यादीसह मला कळवला आहे.

अल्बम जरूर करा. पण कर्ज काढू नका आणि निधीला हात लावू नका.

हप्ता पुढच्याच महिन्यापासून सुरू होतो. अल्बमचे पैसे तसे येत नाहीत. स्ट्रीमिंगचा हिशोब वितरकाकडून, म्हणजे तुमचं संगीत स्ट्रीमिंग सेवांवर चढवणाऱ्या कंपनीकडून, काही महिन्यांनी हातात पडतो. पैसे मिनिटांवर नाही, तर प्लेच्या संख्येवर मिळतात. ३० सेकंद ऐकलं की एक प्ले धरला जातो, त्यामुळे तुमच्या १७ मिनिटांच्या रचनेची आणि दोन मिनिटांच्या गाण्याची किंमत सारखीच. शिवाय २०२४ पासून स्पॉटिफायवर मागच्या १२ महिन्यांत किमान १,००० प्ले नसतील, तर त्या ट्रॅकला रेकॉर्डिंगची रॉयल्टीच मिळत नाही. सहाच ट्रॅक असलेल्या अल्बमला हे गणित जड जातं. त्यात रेकॉर्डिंगच्या दिवसांत तुम्ही शो नाकारणार. ती बुडालेली कमाई तुमच्या अंदाजपत्रकात कुठेच दिसत नाही. मिळकत अनियमित असलेल्या माणसाला तर सहा महिन्यांचा निधीही कमीच.

आता खर्चाकडे बघू. तुमच्या यादीत सगळ्यात मोठा आकडा कीबोर्डसाठीच्या पाच दिवसांच्या स्टुडिओ भाड्याचा आहे. तो जवळजवळ पूर्ण वाचू शकतो. कीबोर्ड घरीच मिडीवर रेकॉर्ड करा, म्हणजे आवाजाऐवजी कोणती पट्टी कधी दाबली याची डिजिटल नोंद होते; वाजवलेलं तसंच राहतं आणि आवाज नंतरही बदलता येतो. खरा हॅमंड ऑर्गन आणि त्याच्या जोडीचा फिरत्या आवाजाचा लेस्ली स्पीकर हवाच असेल, तर शेवटी एक दिवस भाड्याने घ्या आणि फक्त सोलो त्यावर वाजवा. पैसा ड्रम्सवर घाला. विषम तालांच्या संगीतात चांगला ड्रमर, चांगली खोली आणि नीट लावलेले माइक यांना पर्याय नाही. त्याखालोखाल मिक्सिंग, म्हणजे सगळे ट्रॅक एकत्र नीट बसवणं. नवा सिंथ (सिंथेसायझर) यादीतून काढा आणि वर्षभर न उघडलेला जुना विकून टाका. वाद्य विकलं तर थोडे पैसे परत येतात; स्टुडिओचं भाडं गेलं ते गेलंच.

व्हायनल सध्या नको. चांगल्या आवाजासाठी एका बाजूला साधारण २०-२२ मिनिटं बसतात. ५२ मिनिटांना दोन तबकड्या लागतील आणि छपाईचा खर्च जवळपास दुप्पट होईल. हे संगीत ऐकणारे अजून सीडी विकत घेतात, त्यामुळे थोड्या सीडी काढा. कलाकारांना थेट चाहत्यांना विक्री करू देणारी वेबसाइट बँडकँप डिजिटल विक्रीवर १५ टक्के आणि सीडीसारख्या वस्तूंवर १० टक्के कापते. पेमेंटचं शुल्क वेगळं. तरीही एका सीडीतून जे सुटतं, तेवढ्यासाठी स्ट्रीमिंगवर हजारो प्ले लागू शकतात.

तुम्ही मॅरिलियन या ब्रिटिश रॉक बँडचं उदाहरण दिलंत. २००१ च्या अल्बमसाठी त्यांनी १२ हजारांहून अधिक चाहत्यांकडून आगाऊ पैसे घेतले, हे खरं. पण त्यांचा पहिला अल्बम १९८३ चा. १८ वर्षांचा श्रोता त्यांच्या पाठीशी होता. तुमच्या ईमेल यादीत ३०० नावं आहेत. त्यांतल्या तिसाएक जणांनी आगाऊ नोंदणी केली तरी मला ती उत्तम वाटेल. मात्र मिक्स हातात आल्याशिवाय कुणाकडूनही पैसे घेऊ नका. लोकांचे पैसे अडकवून काम लांबलं, तर पुढच्या अल्बमचा श्रोता गमावून बसाल.

ड्रमरशी ठरलेलं मानधन आणि रेकॉर्डिंगवरचा हक्क लेखी करा. शब्द नसलेलं संगीत माहितीपटांत संवादाखाली चांगलं बसतं. उद्या कुणी मागितलं, तर हक्काचा कागद लागेल.

दर शोच्या मानधनातला पाचवा हिस्सा वेगळ्या खात्यात टाकायला लागा. ड्रम्सचा पूर्ण खर्च जमला की स्टुडिओ ठरवा, मिक्सिंगचे पैसे त्यानंतर साठवा. वर्ष-सव्वा वर्ष लागेल. तोवर घरचे कीबोर्ड ट्रॅक पूर्ण करा आणि ड्रमरला डेमो आत्ताच पाठवा, म्हणजे तोही तयारीने येईल.