खापर आणि पुराण

प्रश्न : मुलीला पुरातत्त्व शिकायचंय. तिचे आजोबा विचारतात, जमीन खणून महाभारत खरं की खोटं ते कळतं का?

उत्तर : ताई, आजोबांनी नेमकं विचारलंय. पुरातत्त्वज्ञ बी. बी. लाल यांनी १९५० ते ५२ या काळात मेरठजवळच्या हस्तिनापुरात उत्खनन केलं. तिथे राखाडी रंगाची, काळ्या रेघांची खापरं निघाली. अशी खापरं मी हातात घेतली आहेत. इतकी पातळ की टिचकी मारली तर खणखणतात. त्या वस्तीवर गंगेच्या मोठ्या पुराच्या खुणा मिळाल्या. पुराणं सांगतात, पांडवांच्या वंशातल्या निचक्षू राजाच्या काळी गंगेने हस्तिनापूर वाहून नेलं आणि राजधानी कौशांबीला हलली. लाल यांनी या दोन्हींची सांगड घातली आणि ही खापरं महाभारताच्या काळाशी जोडली. महाभारतातल्या नावांच्या इतर गावांतही हीच खापरं मिळाली, हा त्यांचा दुसरा आधार.

पण खापरावर अर्जुनाचं नाव नसतं. पूर आला होता हे माती सांगते, युद्धाबद्दल ती गप्प आहे. आणि त्या थरातली घरं कुडाची नि मातीची, काव्यातले प्रासाद नव्हेत.

मुलीला संस्कृत जरूर शिकू द्या. खड्ड्यात उतरल्यावर मात्र आधी थर मोजायचा, खापराच्या पिशवीवर थराचा क्रमांक लिहायचा आणि पोथी संध्याकाळी तंबूत उघडायची. पदवीनंतर पुण्याच्या डेक्कन कॉलेजात पुरातत्त्वाचं एम. ए. करता येतं. आजोबांनाही एकदा तिथलं संग्रहालय दाखवा.