वाचकांचे प्रश्न : एसजीपीटी वाढले, आता गोळ्या थांबवू का?

प्रश्न : माझे वय 36 असून मला चार वर्षांपासून ल्युपस (प्रतिकारशक्ती स्वतःच्याच शरीरावर उलटते तो आजार) आहे. हायड्रॉक्सीक्लोरोक्वीन आणि प्रेडनिसोलोन मी रोज घेते व सांध्यांसाठी मेथोट्रेक्सेट दर रविवारी रात्री घेते. परवाच्या तपासणीत एसजीपीटी 112 आणि एसजीओटी 84 आले; दोन्हींपुढे 40 पर्यंत अशी मर्यादा छापली आहे. बिलिरुबिन 0.8 आहे, भूक चांगली आहे. घरचे म्हणतात, एवढ्या गोळ्यांनी लिव्हर खराब झाले, सगळ्या बंद कर आणि गुळवेलीचा काढा घे. ल्युपस लिव्हरपर्यंत पोहोचला असे समजायचे का?
— एक वाचक, सांगली

उत्तर : काढा सुरू केला नसेल तर करू नका, आणि गोळ्या सरसकट बंद करू नका. फक्त मेथोट्रेक्सेटची येत्या रविवारची मात्रा घ्यावी की नाही, हे तुमच्या संधिवाततज्ज्ञांना हा अहवाल दाखवून आधी विचारा.

एसजीपीटी आणि एसजीओटी, ज्यांना काही अहवालांत एएलटी आणि एएसटी लिहितात, ही यकृताच्या पेशींच्या आत काम करणारी विकरे, म्हणजे एन्झाइम्स आहेत. पेशीला इजा झाली की ती पाझरून रक्तात उतरतात. अहवालाच्या माथ्यावर ‘लिव्हर फंक्शन टेस्ट’ असे ठळक छापलेले असले, तरी हे दोन आकडे यकृताचे काम कसे चालले आहे ते सांगत नाहीत, फक्त पेशींना काहीतरी त्रास होत आहे एवढेच सांगतात. कामाचा अंदाज बिलिरुबिन (कावीळीत वाढणारे पिवळे द्रव्य), अल्ब्युमिन (यकृतात तयार होणारे प्रथिन) आणि प्रोथ्रॉम्बिन टाइम (रक्त गोठायला लागणारा वेळ) यांवरून येतो. त्यातही ल्युपसच्या रुग्णाचे अल्ब्युमिन मूत्रपिंडातून प्रथिने वाहून गेल्यामुळे उतरलेले असू शकते, म्हणून तो आकडा लघवीच्या तपासणीसोबतच वाचावा लागतो. रक्तातले एसजीपीटी साधारण दोन दिवसांत निम्मे होते, एसजीओटी त्याहूनही लवकर. म्हणजे काही आठवड्यांनी आकडा तेवढाच राहिला, तर पाझर अजून चालू आहे असे धरावे लागते.

एसजीओटी स्नायूंत आणि लाल रक्तपेशींतही असते. ल्युपसमध्ये स्नायूंना सूज येऊ शकते किंवा लाल पेशी फुटू शकतात, आणि तेव्हा यकृत धडधाकट असूनही हा आकडा चढतो. म्हणून शंका असल्यास सीपीके (स्नायूंना इजा झाली की वाढणारे विकर) आणि एलडीएच (लाल पेशी फुटल्या की वाढणारे विकर) पाहतात. तुमच्या अहवालात एसजीपीटी अधिक वाढलेले आहे, त्यामुळे रोख यकृताकडेच जातो.

आता कारण. ल्युपसच्या रुग्णाचे यकृत बिघडले की सगळे ल्युपसच्या नावावर खपवले जाते, पण प्रत्यक्षात औषधे, यकृतातील चरबी आणि विषाणू हीच कारणे अधिक वेळा सापडतात. तुमच्या बाबतीत मला पहिला संशय मेथोट्रेक्सेटचा येतो. अहवालावर नमुना घेतल्याची तारीख असते, ती पाहा. रविवारी रात्री गोळी घेऊन सोमवारी किंवा मंगळवारी सकाळी रक्त दिले असेल, तर आकडा तात्पुरता चढलेला असू शकतो. पुढची मात्रा घेण्याच्या एक-दोन दिवस आधी रक्त देणे योग्य. मेथोट्रेक्सेटसोबत देतात ती फॉलिक अॅसिडची गोळी चुकते आहे का, तेही पाहा. त्यानंतर येते प्रेडनिसोलोन, म्हणजे स्टेरॉइड. त्याने भूक आणि वजन वाढते, साखर चढते आणि यकृतात चरबी साचते, जी सोनोग्राफीत दिसते. अंगदुखीसाठी परस्पर घेतलेल्या वेदनाशामक गोळ्या तर डॉक्टरांना सांगायच्या यादीत कोणी घालतच नाही. त्या आवर्जून सांगा. बी आणि सी प्रकारच्या कावीळीची तपासणी मात्र कितीही बरे वाटत असले तरी टाळू नये, कारण प्रतिकारशक्ती दाबणाऱ्या औषधांमुळे दबून बसलेला बी विषाणू पुन्हा डोके वर काढतो.

खुद्द ल्युपसमुळे होणारी यकृताची सूज बहुधा सौम्य असते, आजार उसळला की वाढते आणि तो निवला की उतरते. तिच्याशी गल्लत होते ती ऑटोइम्यून हेपटायटिसची, म्हणजे प्रतिकारशक्ती थेट यकृतावरच उलटते त्या आजाराची. 1956 साली मेलबर्नच्या इयन मॅके आणि सहकाऱ्यांनी या दुसऱ्या आजाराला ‘ल्युपॉइड हेपटायटिस’ म्हटले, कारण त्याच्या रुग्णांच्या रक्तात ल्युपससारखीच लक्षणे मिळत होती. नाव मागे पडले, घोळ राहिला. एएनए, म्हणजे स्वतःच्याच पेशींविरुद्धच्या अँटिबॉडीची तपासणी, दोन्हींत पॉझिटिव्ह येते, म्हणून त्यावरून निवाडा होत नाही. आयजीजी या रक्तातल्या अँटिबॉडीची पातळी, स्मूथ मसल अँटिबॉडी आणि गरज पडल्यास यकृताची बायोप्सी यांवरूनच तो होतो. फरक महत्त्वाचा अशासाठी, की ऑटोइम्यून हेपटायटिस उपचाराविना राहिला तर यकृत आकसून सिरोसिसपर्यंत जाऊ शकते.

काढ्याबद्दल. 2021 मध्ये मुंबईतील यकृततज्ज्ञांनी गुळवेल घेतल्यानंतर यकृताला इजा झालेल्या सहा रुग्णांची नोंद प्रसिद्ध केली आणि गुळवेल दडलेला ऑटोइम्यून आजार जागा करत असावी असा संशय मांडला. आयुष मंत्रालयाने त्यावर आक्षेप घेतला आणि तो वाद रंगला. पण वादाचा निकाल काहीही लागो, ज्या आजारात प्रतिकारशक्तीच स्वतःच्या शरीरावर उलटली आहे, त्यात ती ‘वाढवणारे’ काही घेण्यात मला शहाणपण दिसत नाही.

गोळ्या बंद करण्याची किंमतही लहान नाही. 1991 साली प्रसिद्ध झालेल्या कॅनडातील चाचणीत हायड्रॉक्सीक्लोरोक्वीन थांबवलेल्या रुग्णांमध्ये आजार उसळण्याचे प्रमाण सुमारे अडीच पट निघाले. हे औषध यकृताला क्वचितच बाधते. प्रेडनिसोलोन तर एकदम तोडणे धोक्याचेच. तुमचे 112 मर्यादेच्या तिपटीच्या किंचित खाली आहे. अशा वेळी मेथोट्रेक्सेटची मात्रा कमी करून किंवा काही आठवडे थांबवून तपासणी पुन्हा करतात. डोळे पिवळे झाले, लघवी चहासारखी गडद झाली, सतत उलट्या होऊ लागल्या किंवा गुंगी आली, तर मात्र पुढच्या तारखेची वाट न पाहता त्याच दिवशी रुग्णालय गाठा.

प्रश्न : माझा मुलगा 22 वर्षांचा आहे, दारू घेत नाही. जिमला नव्याने जाऊ लागला आणि कंपनीच्या तपासणीत एसजीओटी 130, एसजीपीटी 60 निघाले. काय करावे?
— एक वाचक, ठाणे

उत्तर : वजने उचलल्यावर स्नायूंतून ही विकरे रक्तात येतात आणि काही दिवस राहतात. आठवडाभर व्यायाम बंद ठेवून सीपीकेसह तपासणी पुन्हा करा. दारूमुळेही एसजीओटी एसजीपीटीच्या दुप्पट दिसते, पण सीपीके चढलेले असेल तर उगाच त्याची उलटतपासणी घेऊ नका. तो डब्यातली कोणती पावडर दुधात ढवळून पितो, ते तेवढे विचारा आणि डबा डॉक्टरांना दाखवा.