हद्दी आखणारा अँड्र्यू एलिकट

प्रश्न : अमेरिकेच्या राजधानीचा आराखडा फ्रेंच अभियंते पिएर लाँफाँ यांनी केला, असे सगळीकडे वाचायला मिळते. पण तिथली जमीन प्रत्यक्ष मोजली कोणी? आणि घनदाट जंगलातून अक्षांशाची सरळ हद्द त्या काळी कशी आखत असत?
– एक वाचक, सातारा

उत्तर : ती मोजणी अँड्र्यू एलिकट (१७५४–१८२०) यांची. १७९१मध्ये त्यांनी राजधानीसाठी ठरलेल्या, दहा मैल बाजूच्या चौरसाची हद्द आखायला घेतली आणि तिच्यावर साधारण मैलामैलाच्या अंतराने चाळीस दगड रोवले. सुरुवातीचे काही महिने ताऱ्यांच्या वेधांचे काम साठीला टेकलेले स्वतंत्र कृष्णवर्णीय खगोलनिरीक्षक बेंजामिन बॅनेकर यांच्याकडे होते. १७९२मध्ये लाँफाँ यांना कामावरून दूर केल्यावर शहराचा नकाशाही एलिकट यांनीच फेरफार करून पुरा केला. (बॅनेकर यांनी तो नुसत्या स्मरणातून पुन्हा काढला, ही लोकप्रिय कथा खरी नाही.)

तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर एलिकट यांच्या दक्षिणेतल्या कामात सापडते. १७९५च्या तहाने अमेरिका आणि स्पॅनिश फ्लोरिडा यांची हद्द ३१ अंश उत्तर अक्षांशावर ठरली. परंतु स्पॅनिश अधिकाऱ्यांनी मिसिसिपी नदीकाठच्या नॅचेझचे ठाणे सोडायला चालढकल केल्यामुळे, १७९७च्या फेब्रुवारीत तिथे पोहोचलेल्या एलिकट यांना मोजणीसाठी १७९८ उजाडेपर्यंत थांबावे लागले. जवळजवळ उभ्या रोखलेल्या लांब दुर्बिणीतून ते डोक्यावरून जाणाऱ्या ताऱ्यांचे खस्वस्तिकापासूनचे (म्हणजे बरोबर डोक्यावरच्या बिंदूपासूनचे) अंतर रात्रीमागून रात्र मोजत, कारण तिथे हवेमुळे प्रकाश फारसा वाकत नाही; ताऱ्याचे आकाशातले स्थान ठाऊक असले, की त्यावरून जागेचा अक्षांश निघतो. मग झाडे तोडून रेषा पुढे न्यायची आणि ठरावीक अंतरावर मातीचे ढिगारे घालायचे. अलाबामातल्या मोबील शहराच्या उत्तरेला त्यांचा १७९९चा दगड आजही उभा आहे. त्याच्या एका बाजूला अमेरिकेचे नाव कोरलेले आहे, तर दुसऱ्या बाजूला स्पेनचा राजा चौथा कार्लोस याचे.

एवढे करूनही ते विस्मरणात गेले, याचे एक कारण मला असे दिसते, की त्यांच्या मोजणीने दरवेळी कोणीतरी नाराज होई. १८११मध्ये जॉर्जिया राज्याने त्यांना उत्तरेकडची ३५ अंशांची हद्द शोधायला नेमले. ती जॉर्जियाच्या समजुतीपेक्षा बरीच दक्षिणेला निघाली, म्हणजेच हक्क सांगितलेला मुलूख हातचा गेला, आणि राज्याने त्यांचा मोबदला द्यायचे नाकारले. पुढे १८१३पासून अखेरपर्यंत ते वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीत गणित शिकवत होते.