ठिपका दिसत नाही म्हणून

तू लिहितेस, लग्नाला दोन वर्षं झाली, नवरा मासेमारीच्या बोटीवर, गेला की आठ-दहा दिवस दर्यावरच. माहेर समुद्रापासून लांब, त्यामुळे हे सगळं नवं. रात्री तीनला उठून मोबाइलवर बोटीचा ठिपका शोधतेस, तो गायब झाला की छातीत धडधडतं. निघताना काही विचारावं तर तो म्हणतो, ‘अभद्र बोलू नकोस.’ सासूबाई आपल्या शांतपणे जाळं सांधत बसतात. ‘यांना काळीज आहे की नाही?’

आधी त्या ठिपक्याचं बघू. बोटीवरचं एआयएस यंत्र आपला ठावठिकाणा रेडिओवरून सांगतं आणि फुकटच्या ॲपना तो बहुतेक किनाऱ्यावरच्या रिसीव्हरकडून मिळतो. बोट त्याच्या टप्प्यापलीकडे गेली की ठिपका दिसेनासा होतो. बोट तिकडे खुशाल मासे पकडत असते. मोबाइलची रेंज तर बहुधा त्याआधीच गेलेली. रात्री ॲप उघडून तुला नवं काही कळत नाही, झोप तेवढी जाते.

काळजी करू नकोस, असं मात्र मी म्हणणार नाही. मासेमारी हे जगातल्या सर्वांत धोक्याच्या कामांपैकी एक, तुझी भीती खुळी नाही. पण काळजी कधीपासून करायची ते ठरव. निघायच्या सकाळी नको. तो घरी निवांत असताना विचार: परतायचा अंदाज काय, वारा-मासळीपायी किती उशीर चालेल आणि कोणत्या वेळेनंतर मी कुणालाही न विचारता तटरक्षक दलाला फोन करायचा? बोटीचं नाव, नंबर, रंग, कुठल्या बाजूला गेली, खलाशी कोण कोण, हे वहीत हवं, कारण शोधणारे आधी हेच विचारतात. वायरलेसवर चॅनल १६, म्हणजे संकटातल्या हाकेचा चॅनल, ऐकतात ना, उपग्रहाला संकटाची खूण देणारं ४०६ मेगाहर्ट्झचं बीकन आहे ना, हेही विचार. तो टाळायला लागला तर सरळ तांडेलाला, म्हणजे बोटीच्या कप्तानाला गाठ.

राहता राहिल्या सासूबाई. ‘तुम्हाला भीती वाटते का’ असं विचारलंस तर ‘छे’ म्हणून मोकळ्या होतील. ‘मामंजींना पहिल्यांदा उशीर झाला तेव्हा काय केलंत?’ असं विचार आणि हातातलं काम बाजूला ठेवून ऐक. वहीतली नावंही त्यांनाच सांगायला लाव, बोटीवरच्या सगळ्यांची तोंडपाठ असतील.