मिथक खोटे आहे, असे लिहिण्यापूर्वी

प्रिय अभ्यासकास,

सप्रेम आशीर्वाद.

मिथकांविषयीचा तुझा मसुदा मी दोनदा वाचला. भाषा स्वच्छ आहे आणि वाचन कसून केलेले दिसते. तरीही एका शब्दापाशी मी अडखळत राहिलो. पहिल्या प्रकरणात ‘मिथक’ म्हणजे देव, वीर आणि सृष्टीची उत्पत्ती यांविषयी पिढ्यान्‌पिढ्या सांगितली गेलेली कथा. तिसऱ्या प्रकरणात मात्र ‘माणूस मेंदूचा फक्त दहा टक्के भाग वापरतो, हे निव्वळ मिथक आहे’ असे वाक्य येते. एकाच शब्दाला दोन निराळे अर्थ दिल्यामुळे पुढचा सगळा युक्तिवाद डळमळला आहे. हा दोष तुझ्या एकट्याचा नाही. आरोग्यविषयक पुरवण्यांनी ‘मिथक आणि वास्तव’ अशा चौकटी छापून छापून ‘गैरसमज’ या साध्या शब्दाची जागा ‘मिथक’ला देऊन टाकली आहे, आणि ‘मिथ्या’शी असलेल्या ध्वनिसाम्यामुळे ते कानाला खटकतही नाही. मूळ ग्रीक ‘मुथॉस’ हा शब्द होमरच्या काव्यात बोलणे, सांगणे या अर्थाने येतो. खऱ्याखोट्याचा निवाडा त्यात नसतो. मेंदूच्या दहा टक्क्यांची गोष्ट हा गैरसमज आहे. तो पुराव्याने खोडता येतो आणि खोडल्यावर त्यातले काही शिल्लक राहत नाही. पुराणकथा अशी खोडता येत नाही, कारण माहिती पुरवणे हे तिचे काम कधी नव्हतेच.

मग तिचे काम कोणते, हे समजून घ्यायचे तर ब्रोनिस्लाव्ह मालिनोव्हस्की या मानववंशशास्त्रज्ञाने न्यू गिनीजवळच्या ट्रोब्रियांड बेटांवर १९१५ ते १९१८ या काळात ऐकलेली एक कथा घे. एका विवरातून चार कुळांचे चार प्राणी एकामागून एक भूपृष्ठावर आले. त्यांपैकी कुत्र्याने नोकू नावाचे फळ हुंगले, चाटले आणि खाल्ले. ते हलके अन्न मानले जात असे. डुकराने ते पाहिले आणि म्हटले, तू नोकू खाल्लेस, तू हलका ठरलास, प्रमुखपद माझे. तेव्हापासून डुकराचे कूळ वरचे. एवढीच कथा. प्राणी जमिनीतून खरेच वर आले का, हा प्रश्न तिला विचारून हाती काहीच लागत नाही. मात्र त्या बेटांवर प्रमुखपद कोणत्या कुळाकडे आहे आणि कोणत्या अन्नाला कमीपणा चिकटला आहे, हे पाहिले की कथेतील प्रत्येक वाक्य कामाला जुंपलेले दिसू लागते. मालिनोव्हस्कीने अशा कथांना समाजव्यवस्थेची सनद म्हटले. सनद हा शब्द मला फार नेमका वाटतो. सनद खरी की खोटी यापेक्षा ती कोणाला कोणता हक्क देते, आणि कोणाचा हक्क नाकारते, हे आधी वाचायचे असते. त्या कथेत कुत्र्याच्या कुळाला आपली बाजू मांडायला जागाच ठेवलेली नाही, हे माझ्या मते तिच्यातील सर्वांत बोलके स्थळ आहे.

‘आधुनिक माणूस या साऱ्यातून बाहेर पडला आहे’ हे तुझे गृहीतक मला मान्य नाही. पुराणातली वांगी पुराणात, असे म्हणून आपण विषय मिटवतो. प्रत्यक्षात ती तिथे राहत नाहीत. लक्ष्मणरेषेचेच पाहा. वाल्मीकींच्या अरण्यकांडात ही रेषा नाही. तिथे लक्ष्मण सीतेचे कठोर शब्द ऐकून व्यथित होतो, वनदेवता तुझे रक्षण करोत असे म्हणतो आणि निघून जातो. तुलसीदासांच्या काव्यातही सीताहरणाच्या प्रसंगी ती येत नाही. तिचा उल्लेख येतो तो पुढे लंकाकांडात, मंदोदरीच्या तोंडी. म्हणजे आज ज्या शब्दावाचून आपले संपादकीय पुरे होत नाही, तो मूळ कथेच्या सर्वांत जुन्या ग्रंथात नाहीच. तो नंतरच्या सांगणाऱ्यांनी घडवला. ही माहिती सापडल्यावर अनेकजण ‘म्हणजे ही नंतरची भर, खरी नव्हे’ असे म्हणून थांबतात. अभ्यास खरे तर इथे सुरू होतो. कथा सांगणाऱ्यांना त्या ठिकाणी रेषेची गरज का भासली? वनदेवतांवर सोपवलेले रक्षण पुरेसे का वाटेना? रेषा आली आणि कथेतील जबाबदारीची जागा बदलली: ज्याने कपट केले त्याच्याकडची नजर, जिने पाऊल बाहेर टाकले तिच्याकडे वळली. म्हणूनच मुलींच्या वागण्याविषयी बोलताना हा शब्द इतक्या सहजपणे तोंडी येतो. आणि २४ मार्च २०२० रोजी देशभर टाळेबंदी जाहीर करताना पंतप्रधानांनी घराच्या दाराशी लक्ष्मणरेषा ओढली गेली आहे असे सांगितले, तेव्हा तीच रेषा स्त्री-पुरुष सर्वांभोवती आली. ऐकणाऱ्या कोणालाही तिचा अर्थ विचारावा लागला नाही. सरकारी आदेशातील एखादे कलम समजावायला जितका वेळ लागला असता, त्याच्या शतांश वेळात एका कथेने ते काम केले. तुझे तिसरे प्रकरण या एका शब्दावर उभे राहू शकते.

विश्वासाविषयीही तुझी मांडणी फार सरळ झाली आहे. एखादा माणूस कथेवर विश्वास ठेवतो किंवा ठेवत नाही, असे दोनच रकाने तू आखले आहेत. जगातील कित्येक उंच इमारतींच्या लिफ्टमध्ये बारा क्रमांकाच्या बटणानंतर थेट चौदा येतो. वास्तुविशारदाला विचारले तर तो तेरा अशुभ मानत नाही. मालकही मानत नाही. त्याला फक्त वाटते की भाडेकरू मानत असतील. भाडेकरूला वाटते की पुढे घर विकायचे झाले तर घेणारा मानेल. प्रत्येकाच्या मनात शोधले तर विश्वास सापडत नाही, पण लिफ्टच्या पट्टीवर तो धातूत कोरलेला असतो. आधुनिक समाजात पुष्कळशा श्रद्धा अशा राहतात, व्यक्तीच्या मनापेक्षा व्यवहाराच्या घडीत. त्यामुळे ‘आपला यावर विश्वास आहे का?’ ही प्रश्नावली फारशी उपयोगाची नाही. लोक काय करतात, काय टाळतात आणि कोणासमोर टाळतात, ते नोंदव.

एक धोका मात्र सविस्तर सांगितला पाहिजे, कारण तुझ्या मसुद्यात त्याला जेमतेम दोन ओळी मिळाल्या आहेत. मिथके फक्त प्राचीन लोकांनी रचली असे नाही. काही ग्रंथालयांत बसून, विज्ञानाच्या भाषेत रचली गेली. १७८६ मध्ये न्यायाधीश आणि भाषापंडित विल्यम जोन्स यांनी कोलकात्यात संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन या भाषांचे मूळ एक असावे, असे मांडले. ते भाषांविषयीचे निरीक्षण होते. पुढच्या शतकात त्यातून आधी ‘आर्य’ भाषाकुळ आणि मग ‘आर्य’ वंश तयार झाला. भाषेचे नाते रक्ताचे नाते ठरले. १८८८ मध्ये संस्कृतचे अभ्यासक मॅक्स म्यूलर यांनी वंशाला ‘आर्य’ म्हणणे ही शास्त्रदृष्ट्या घोडचूक आहे असे निक्षून सांगितले, पण तोवर कथा त्यांच्या हातून निसटली होती. तिला उगमस्थान मिळाले, वीर मिळाले, शुद्धतेचा ऱ्हास आणि शत्रू मिळाले. म्हणजे पुराणकथेचा पूर्ण साचा मिळाला. नाझी जर्मनीच्या १९३५ च्या न्यूरेंबर्ग कायद्यांनी तिला सनदेचे रूप दिले आणि माणसांच्या आजी-आजोबांची मोजदाद करून कोण नागरिक आणि कोण नाही हे ठरू लागले. पुढे काय घडले ते तुला ठाऊक आहे. देवांच्या कथा तपासताना जी सावधगिरी आपण बाळगतो, ती वंश, राष्ट्र आणि प्रगती यांच्या कथांबाबत दुपटीने बाळगायला हवी, कारण त्या स्वतःला कथा म्हणवून घेत नाहीत.

दुसऱ्या टोकाचा मोहही तितकाच फसवा आहे. पुराणकथेत विज्ञान दडलेले आहे असे सिद्ध करण्याची ओढ तुझ्या शेवटच्या प्रकरणात डोकावते. अमेरिकेतील ओरेगन राज्यातल्या क्रेटर लेक या सरोवराविषयी तेथील मूळनिवासी क्लॅमथ लोक सांगतात की पाताळाचा अधिपती लाओ आणि आकाशाचा अधिपती स्केल यांचे युद्ध झाले, आगीचा वर्षाव झाला, पर्वत लाओवर कोसळला आणि त्या खळग्यात पाणी भरले. भूगर्भशास्त्र सांगते की माउंट मझामा हा ज्वालामुखी सुमारे ७,७०० वर्षांपूर्वी असाच उद्रेक होऊन खचला. त्याच राज्यातील फोर्ट रॉक गुहेत १९३८ मध्ये झुडपाच्या सालीपासून विणलेल्या वहाणा त्या राखेच्या थराखाली सापडल्या. म्हणजे राख पडण्यापूर्वी त्या भागात माणसे वावरत होती. कथेत त्या उद्रेकाची स्मृती असणे शक्य आहे, आणि तसे म्हणताना माझे मन आजही भरून येते. पण लक्षात घे, हा निष्कर्ष राखेने, कार्बनच्या मोजमापाने आणि वहाणांनी दिला आहे. कथेने एकटीने दिलेला नाही. जिथे असा स्वतंत्र पुरावा नाही, तिथे विमाने, अस्त्रे किंवा शस्त्रक्रिया यांचे दावे करणे म्हणजे त्या कथेला जे काम कधी करायचे नव्हते त्यासाठी तिला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे करणे. यात विज्ञानाची हानी होते. त्याहून अधिक हानी कथेची होते, कारण पुरावा टिकला नाही की लोक कथाही फेकून देतात.

मुलाखती घेताना एक पथ्य पाळ. मी तुझ्या वयाचा असताना एका वृद्ध कथेकऱ्यांना, त्यांनी सांगितलेल्या प्रसंगाचा मूळ ग्रंथात आधार नाही, हे भर बैठकीत सुनावले होते. ते शांतपणे उठले आणि त्यानंतर त्यांनी मला एकही कथा सांगितली नाही. तो प्रसंग त्यांच्या गुरूंनी रचला होता की गुरूंच्या गुरूंनी, कोणत्या श्रोत्यांसाठी आणि कोणत्या प्रसंगी, हे सांगू शकणारे ते बहुधा शेवटचे होते. मी बरोबर होतो, आणि माझी वही कोरी राहिली.

तेव्हा आता असे कर. मसुद्यातील जिथे जिथे ‘मिथक’ म्हणजे गैरसमज आहे, तिथे ‘गैरसमज’ लिही. शेवटचे प्रकरण सध्या बाजूला ठेव. लक्ष्मणरेषेचे उल्लेख जिथे सापडतील तिथून उतरवून घे, आणि प्रत्येक नोंदीपुढे रेषा कोणी ओढली आणि कोणाभोवती, एवढे दोनच रकाने ठेव. पन्नासेक नोंदी झाल्या की वही माझ्याकडे पाठव. आपण त्या एकत्र बसून वाचू.

तुझा,
एक जुना वाचक