घरी बोलणारा माणूस सभेत गप्प का होतो?

प्रश्न : आमचं गाव गोव्यातल्या पेडणे तालुक्यात. इथे डोंगर कापून बंगले बांधायचं चाललंय. घरी जेवताना आमचे हे त्यावर तासन्‌तास बोलतात, विहिरी आटतील म्हणतात, आणि रविवारी ग्रामसभेत ठराव आला की सगळ्यांबरोबर यांचाही हात वर! मी तिथेच बाजूला बसलेली असते. हा भित्रेपणा की दुटप्पीपणा? यावरून आता घरात रोज भांडणं होतात.

उत्तर : ताई, मला यातलं काहीच वाटत नाही. 1951 च्या आसपास अमेरिकेत सॉलोमन अ‍ॅश नावाच्या मानसशास्त्रज्ञाने एक प्रयोग केला. एक रेघ दाखवायची, शेजारी तीन रेघा, त्यातली सारख्या लांबीची कुठली ते मोठ्याने सांगायचं, एवढंच. पण खोलीतला एकच माणूस खरा, बाकीचे सगळे आधी पढवून ठेवलेले, आणि ते एकामागोमाग एक तेच चुकीचं उत्तर देत जायचे. एकटं असताना असली चूक जवळजवळ कुणीच करत नव्हतं, इथे मात्र साधारण एक तृतीयांश वेळा माणसं त्यांच्या होला हो म्हणाली, चारातल्या तिघांनी निदान एकदा तरी. काहींना नंतर विचारलं तर म्हणाले, बरोबर दिसत होतं पण वेगळं पडायचं नव्हतं. आणि तिथे तर रेघ लहान की मोठी यात कुणाचंच काही जाणार नव्हतं! तुमच्या सभेत समोर पंच बसलेला, तो नात्यातला, त्याच्याच बरोबर देवळाच्या कमिटीत बसायचं, जत्रेत पालखीला खांदा द्यायचा. हात वर जातो त्यामागे हे सगळं असतं.

त्याच प्रयोगात आधी कुणी एकाने जरी बरोबर उत्तर दिलं, तर चुका विसात एक इतक्या खाली आल्या. म्हणून यांच्याशी भांडण्यापेक्षा डोंगराखाली ज्यांच्या विहिरी आहेत त्यांच्यातल्या एक-दोघांना सभेआधी घरी जाऊन भेटा, एकटी माणसं मोकळं बोलतात. सभेत सगळे जवळजवळ बसा. आणि ताई, ग्रामसभेच्या सदस्य तुम्हीही आहात, तेव्हा पहिला हात तुमचा असू दे. विरोध करते म्हणायची सुद्धा गरज नाही, फक्त विचारा की डोंगर कापायला नगरनियोजन कायद्याच्या कलम 17अ खाली मुख्य नगरनियोजकांची लेखी परवानगी आहे का, असेल तर दाखवा, आणि हा प्रश्न इतिवृत्तात लिहून घ्या. यांना तुमच्या पाठोपाठ बोलायला सोपं जाईल.